पहिल्या हाकेला

भुताच्या सिनेमांच्या बाबतीत देवयानी मुलखाची भित्री. पुण्यात कॉलेजच्या मैत्रिणी असल्या सिनेमाला निघाल्या की नेमकं हिचं डोकं दुखायला लागायचं. आणि लग्न होऊन इंग्लंडात आल्यावर, बेसिंगस्टोकच्या घरात आठ वर्षं डबे भरून आणि कपडे वाळत घालून झाल्यावर, हिला पहिलं मनाजोगतं काम मिळालं ते कुणाकडे? तर भुताचे सिनेमे काढणाऱ्या हारुओ सावाकींकडे. कुणाची थट्टा करावी ते नशिबाला बरोबर कळतं.

काम दुभाषीचं होतं. सावाकी त्यांचा पहिला इंग्लिश सिनेमा ब्रिस्टलजवळ करणार होते आणि त्यांचं स्वतःचं इंग्लिश चार-दोन मोडक्या वाक्यांपलीकडे जात नव्हतं. पुण्यात जपानी शिकलेले लोक पैशाला पासरी मिळतात, पण देवयानी त्यांच्यातली पहिल्या रांगेतली. तिच्या मधुमतीबाई वर्गात सांगायच्या, दुभाषी माणसाने मध्ये आपलं नाक खुपसायचं नाही. एक बोलला ते दुसऱ्याला जसंच्या तसं पोचवायचं. रागावला तर राग पोचवायचा, रडला तर रडणं पोचवायचं. आपण रागवायचं नाही, आणि रडायचं तर मुळीच नाही. देवयानीने हे इतकं अंगी बाणवलं होतं की सासूबाई आणि नवरा अनुप फोनवर भांडले तरी ही मधे न पडता एकाचं म्हणणं दुसऱ्याला सांगून मोकळी व्हायची. शहाण्या मुलींचं असंच असतं. सांगितलं की ऐकायचं, आणि त्याबद्दल शाबासकी घ्यायची. देवयानीला लहानपणापासून शाबासकीची फार गोडी.

सावाकींची कारकीर्द म्हणजे एक चढ आणि मग सगळा उतार. नव्वदच्या दशकाच्या शेवटी त्यांनी एका भाड्याच्या फ्लॅटमध्ये, मित्राकडून मागून आणलेल्या कॅमेऱ्यावर एक सिनेमा केला. त्यात भूत दिसतच नाही. एक बाई स्वयंपाक करता करता थांबून रिकाम्या खुर्चीकडे बघते, एवढंच. पण तो बघून आलेले लोक म्हणे घरातल्या खुर्च्या भिंतीकडे तोंड करून ठेवायला लागले. मग काय, मोठ्या स्टुडिओने दुसरा भाग मागितला, तिसरा मागितला. त्यांना भूत दिसायला हवं होतं, सावाकींनी दाखवलं, आणि लोक थिएटरात हसले. अमेरिकेत त्या पहिल्या सिनेमाची नक्कल निघाली, धो धो चालली, आणि मूळ माणसाला तिच्या खेळाला बोलावून मागच्या रांगेत बसवलं. त्यानंतरचे दोन सिनेमे पडले. एक अर्ध्यावर बंद पडला. आता लंडनच्या एका छोट्या कंपनीने त्यांच्यावर एक शेवटचा डाव लावला होता.

"हाही पडला तर मी गावी जाऊन लग्नाच्या व्हिडिओ फिल्म काढीन," सावाकी हसत म्हणाले. पन्नाशीचा, बारीक, कोपरावर विरलेला स्वेटर घालणारा माणूस. दारातून जाताना ड्रायव्हरलाही वाकून नमस्कार करणारा. सगळे त्यांना जपानी रिवाजाप्रमाणे 'कान्तोकु' म्हणायचे, म्हणजे दिग्दर्शकसाहेब. देवयानीही म्हणायची.

कंपनीची गाडी लंडनहून त्यांना घेऊन निघायची आणि वाटेत बेसिंगस्टोकला देवयानीला उचलून ब्रिस्टलला जायची. आठवडाभर तिथे राहायचं, शनिवारी परत. मोटरवेवर सावाकी गप्पा मारायचे, म्हणजे प्रश्न विचारायचे. ते स्वतः फार थोडं बोलत. पण ऐकायचे असे, की समोरच्याला वाटावं आपल्यासारखं रसाळ कुणी बोलतच नाही. देवयानी घरात इतकी वर्षं कुणी न विचारल्यामुळे तुंबलेली होती. ती भडाभडा बोलली. आणि बोलता बोलता लिफ्टची गोष्ट सांगून बसली.

तिची मुलगी ईशानी चार वर्षांची असताना शॉपिंग सेंटरमध्ये तिचा हातमोजा लिफ्टच्या दाराबाहेर पडला. देवयानी तो उचलायला एक पाऊल बाहेर गेली, आणि दार मिटलं. पोरगी आत, एकटी. लिफ्ट वर निघाली आणि वरून, भिंतीतून, हाका ऐकू यायला लागल्या.

"तेव्हापासून बाथरूमचं दारसुद्धा पूर्ण लावू देत नाही, कान्तोकु. सात वर्षांची झाली, तरी फट लागते."

सावाकींनी एकच विचारलं. "तुम्ही काय केलंत?"

"जिन्याने धावले. एक बूट मागेच राहिला."

मग ते खिडकीबाहेर बघायला लागले. देवयानीला वाटलं, कंटाळले असतील. तिला थोडी लाजही वाटली.

सिनेमाची गोष्ट अशी होती. परदेशातून आलेल्या एका लहान मुलीची आई वारली आहे. बाप तिला घेऊन एका जुन्या घरात राहायला येतो. मुलगी बंद खोलीतून, आपल्या भाषेत, आईला हाक मारते. आणि दार उघडतं. बाहेर कोण आहे ते सावाकी दाखवणार नव्हते. सगळा सिनेमा त्या एका हाकेवर आणि त्या एका दारावर उभा होता.

मुलीचं काम लंडनमधल्या पिनरची एक गुजराती मुलगी करत होती. हाकेच्या दृश्याला दोन दिवस उरले असताना तिला कांजिण्या आल्या. शूटिंग थांबलं, लंडनहून फोन यायला लागले, आणि निर्मात्याच्या चेहऱ्यावर सिनेमा गुंडाळायची कळा दिसायला लागली. आतापर्यंत मुलगी पाठमोरीच घेतली होती, तिचा चेहरा पहिल्यांदा दिसणार होता तो हाकेलाच, तेव्हा दुसरी मुलगी चालेल, पण चेहरा हवाच, असं ठरलं. सेटवर देवयानीचं नाव आखडून 'देव' झालं होतं. कुणीतरी तिच्याकडे वळून म्हणालं, देव, तुलाही त्याच वयाची मुलगी आहे ना?

सगळ्यांच्या नजरा वळल्या. आजवर त्या खोलीत तिच्याकडे कुणी बघितलं नव्हतं, तिच्यातून पलीकडे बघितलं होतं. तिच्या तोंडून 'हो' निघून गेलं. हुरळली मेंढी लागली लांडग्याच्या पाठी, दुसरं काय!

त्या संध्याकाळी तिने दृश्याचं पान पुन्हा वाचलं, जे तिनेच इंग्लिशमध्ये आणलं होतं. *मुलगी बंद खोलीत. हाक मारते.* आणि मग तिला गाडीतल्या गप्पा आठवल्या. बंद दार. हाक. ती पान हातात घेऊन पलंगाच्या कडेवर बसली. या माणसाचा धंदाच भीतीचा. त्याला आपण आपल्या मुलीची भीती ताटात वाढून दिली, वर लोणचं घातलं, आणि आता मुलगीही देतो आहोत.

तिने अनुपला फोन लावला.

"अगं, एवढं काय? पाच मिनिटांचा सीन आहे," अनुप म्हणाला. तो उद्या ऑफिसमधून हाफ डे घेऊन ईशानीला आणून सोडणार होता. "आणि तू स्वतः असणार ना तिथे?"

"दाराबाहेर असणार. तिची चॅपरोन म्हणून मलाच टाकलंय." शूटिंगला मुलाबरोबर एक जबाबदार मोठं माणूस लागतंच, तसा तिथला नियम.

"मग झालं तर! तू बाहेर असताना तिला काय होणारे?"

हे ऐकून तिला धीर यायला हवा होता. आला नाही. उलट आता सगळं आपल्यावरच आलं, हे तिला पहिल्यांदा नीट कळलं. सेटवर जपानी कळणारी ती एकटी. मराठी कळणारीही ती एकटी. सावाकी काय करताहेत ते दुसऱ्या कुणाला समजणार नाही आणि ईशानी काय म्हणते आहे तेही नाही.

दुसऱ्या दिवशी ईशानी आली ती उड्या मारतच. तिला मेकअप करणारी बाई आवडली, गरम पाण्याची पिशवी आवडली, जेवणाच्या गाडीवरचे चिप्स आवडले. देवयानी निर्मात्याच्या बैठकीत अडकली होती आणि बोलता बोलता तिची नजर खिडकीतून बाहेर गेली. जेवणाच्या गाडीपाशी, घडीच्या खुर्च्यांवर, सावाकी आणि ईशानी समोरासमोर बसले होते. सावाकी पुढे वाकून काहीतरी सांगत होते. बोटांनी टेबलावर टकटक करत होते, मग तळहात दारासारखा उघडत होते. ईशानी डोळे मोठे करून ऐकत होती.

देवयानीचं बैठकीतलं लक्ष उडालं. तिच्याशिवाय हे दोघं काय बोलताहेत? कुठल्या भाषेत? सावाकी प्रत्येक नटाला बाजूला घेऊन वेगवेगळं सांगतात, एकाचं दुसऱ्याला कळू देत नाहीत, हे तिने इतके दिवस बघितलं होतं. सांगताना मध्ये तीच असायची. आज नव्हती.

बैठक संपल्यावर तिने ईशानीला गाठलं. "काय सांगत होते ते?"

"सीक्रेट आहे," ईशानी म्हणाली आणि खुदकन हसली. "तुला नाही सांगायची. ही गेम आहे."

"घाबरवलं का तुला त्यांनी?"

"नो! आई, तू ना, फार वरी करतो."

देवयानीने सावाकींना विचारायला हवं होतं. ती त्यांच्याकडे गेलीही. पण ते कॅमेऱ्याच्या माणसाशी बोलत होते, आणि त्याला काही समजत नव्हतं, आणि तिला पाहताच दोघांचे चेहरे उजळले. मग ती त्यांचं बोलणं इकडून तिकडे करत राहिली. तिचा स्वतःचा प्रश्न राहूनच गेला. दुभाषीला स्वतःसाठी विचारायची सवयच नसते.

घर जुनं होतं, कित्येक वर्षं रिकामं. वरच्या मजल्यावर एक अरुंद पॅसेज आणि त्याच्या टोकाला ती खोली. कॅमेरा आतल्या भिंतीत बसवून टाकला होता, म्हणजे खोलीत ईशानीशिवाय कुणी लागणार नव्हतं. बाहेर पॅसेजमध्ये तिघंच. सावाकी एका स्टुलावर, पुढ्यात छोटा मॉनिटर. हेलन, सेटची सगळी सूत्रं हलवणारी सहायक, जिन्याच्या तोंडाशी. आणि देवयानी, दाराच्या पितळी मुठीवर हात ठेवून. दुपारचे चारही वाजले नव्हते, पण नोव्हेंबरचा दिवस, बाहेर दिवेलागण झाल्यासारखा अंधार पडला होता.

"तिची चॅपरोन तू आहेस," हेलन तिच्या दंडाला हात लावून म्हणाली. "यू से स्टॉप, वी स्टॉप. माझी किंवा त्यांची परवानगी लागत नाही. ओके?"

"ओके."

सावाकी जपानीत म्हणाले, "देवयानी-सान, मी हात वर करीन. तेव्हा दार उघडायचं. त्याआधी नाही."

"हो, कान्तोकु."

दार लावताना तिने आत बघितलं. ईशानी खोलीच्या मधोमध उभी होती, दोन्ही वेण्या पुढे घेऊन. तिने आईकडे बघून डोळा मारायचा प्रयत्न केला. तिला तो जमत नाही, दोन्ही डोळे मिटतात. देवयानीने दार ओढून घेतलं. खट्ट आवाज झाला.

"आई!"

पहिली हाक. मोकळी, खणखणीत, शाळेच्या फाटकातून बाहेर येताना मारते तशी. देवयानीने सावाकींच्या हाताकडे बघितलं. हात मांडीवर होता.

"आई, ये ना!"

हात मांडीवरच होता. मॉनिटरकडे ते बघतच नव्हते. देवयानीकडे बघत होते, एकटक, तोंड किंचित उघडं. अजून हवंय त्यांना, देवयानीला वाटलं. ही हाक फार आनंदी आहे, त्यांना भीती हवी आहे. त्यांना लिफ्टमधली हाक हवी आहे. तिने मुठीवरची पकड आणखी घट्ट केली.

आत पावलं वाजली. दाराजवळ आली.

"आई? तू आहेस ना तिकडे?"

आवाज बदलला होता. जगात दुसऱ्या कुणाला कळला नसता इतका थोडा, पण देवयानीला कळला. खेळ संपला होता. आता हात वर होईल, तिने मनात म्हटलं. आता होईल. मी उघडलं तर सगळं वाया जाईल, या माणसाचा शेवटचा सिनेमा, इतक्या लोकांची मेहनत, आणि सगळे म्हणतील आईला मध्ये आणायलाच नको होतं. एकच क्षण. आता होईल. तिची नजर त्या हातावरून हलेना.

"आई, दार उघड! मला नाही आवडत हे. मला भीती वाटतो. मला घरी जायचंय. आई!"

लहान मुठी दारावर आपटायला लागल्या. लाकडातून तो हादरा देवयानीच्या तळहातात येत होता.

हेलन दोन पावलं पुढे आली. मुलीने आपल्या भाषेत बोलायचं असं ठरलेलंच होतं, त्यामुळे तिला वाटत होतं की हे सगळं नाटक आहे. पण आता तिला शंका आली. ती कुजबुजली, "देव, काय म्हणतेय ती?"

आणि देवयानीने सांगितलं. शांत, स्वच्छ आवाजात, एक शब्द इकडे नाही की तिकडे नाही. "आई, दार उघड. मला हे आवडत नाही. मला भीती वाटते. मला घरी जायचं आहे." इंग्लिशमध्ये सांगून झाल्यावर ती सवयीने सावाकींकडे वळली आणि तेच तिने जपानीत सांगितलं, अदबीने, वाक्य नीट पुरं करून.

हेलनचा चेहरा पांढराफटक पडला. तिने क्षणभर देवयानीकडे बघितलं. नंतर देवयानीला त्या संध्याकाळचं दुसरं काही आठवलं नाही तरी ते बघणं आठवायचं. आतल्या मुठी थांबल्या होत्या. आत काहीच वाजत नव्हतं, आणि ते सगळ्यात वाईट होतं.

हेलनने देवयानीची बोटं मुठीवरून अक्षरशः सोडवली आणि दार उघडलं.

ईशानी दाराला लागूनच जमिनीवर बसली होती, गुडघे पोटाशी घेऊन. ती उठली. तिने आईकडे बघितलं, हेलनकडे बघितलं, आणि मग दोघींच्या मधून वाट काढत सावाकींसमोर जाऊन उभी राहिली.

"यू सेड फर्स्ट टाइम," ती म्हणाली. हनुवटी थरथरत होती. "यू सेड, वन कॉल, मम्मी कम. यू प्रॉमिस्ड."

सावाकी स्टुलावरून उठले. एवढा मोठा माणूस त्या सात वर्षांच्या मुलीपुढे कमरेतून वाकला आणि तसाच वाकून राहिला. मग मान वर न करता ते देवयानीला जपानीत म्हणाले, "कृपा करून तिला सांगा. चूक माझी आहे. मला भ्यालेलं मूल नको होतं. आई येणारच हे ज्याला ठाऊक आहे, अशा मुलाचा चेहरा हवा होता. इशाऱ्यावर उघडलेलं दार कॅमेऱ्याला कळतं. म्हणून तिला मी सांगितलं, तू एक हाक मार आणि बघ, मी नाही म्हटलं तरी आई येईल. मी अनेक आयांबरोबर काम केलं आहे. एकही माझ्या हातासाठी थांबली नव्हती. तुम्ही थांबलात, आणि मी तुमच्याकडे बघत राहिलो. हात वर करायचं मला सुचलंच नाही."

देवयानीचे कान तापले. भीती म्हणजे काय ते आपल्याला माहीत आहे, असं तिला वाटत होतं. लिफ्टच्या वेळी बसला तो नुसता धक्का होता, हे आता कळत होतं. तेव्हा दार तिने लावलं नव्हतं.

"काय म्हणाले ते?" हेलनने विचारलं.

ईशानीही वाट बघत होती. देवयानीला गाळता आलं असतं. एक वाक्य खाल्लं असतं तरी कुणाला कळलं नसतं, त्या घरात दोन्ही भाषा जाणणारं दुसरं होतं कोण? तिने काही गाळलं नाही. पोरीसमोर उकिडवी बसून तिने सावाकींचं सगळं बोलणं मराठीत सांगितलं, 'एकही थांबली नव्हती' हे सुद्धा. सांगताना आवाज फुटला, आयुष्यात पहिल्यांदा. तिने थांबवायचा प्रयत्न केला नाही.

ईशानीने सगळं ऐकून घेतलं. रडून झालेल्या मुलांची मान हलते तशी तिची मान हलत होती.

"मग तू का थांबली?"

देवयानीने तोंड उघडलं. सांगण्यासारखं खूप होतं, सिनेमा, नोकरी, इतक्या लोकांची मेहनत. तिने हात पुढे केले. ईशानी मागे सरली नाही, पण पुढेही आली नाही.

"मी त्यांच्या हाताकडे बघत होते, राजा," देवयानी म्हणाली.

ईशानीने थोडा विचार केला. मग ती हेलनकडे गेली, तिचं बोट धरलं, आणि एकेक पायरी बघत जिना उतरायला लागली. अर्ध्या जिन्यावर तिचा पाय घसरला. देवयानी धावली. पण पोरीने हाक मारली ती हेलनला.